बरणीतले पॉड: सोलापुरात खाऱ्या पाण्याची टाकी सांभाळणाऱ्या नवख्यांसाठी

माझी आजी विहिरीचं पाणी लुगड्याच्या चौपदरी फडक्यातून गाळल्याशिवाय माठात भरायची नाही. नारूचा काळ होता. पाण्यात सायक्लॉप्स नावाचा, डोळ्याला जेमतेम दिसणारा किडा असतो, त्याच्या पोटात नारूची अळी असते आणि ते पाणी पोटात गेलं की वर्षभराने पायातून सुतासारखा नारू बाहेर येतो, एवढं तिला पक्कं ठाऊक होतं. देशातला शेवटचा रुग्ण १९९६ साली सापडला आणि २००० साली जागतिक आरोग्य संघटनेने भारत नारूमुक्त झाल्याचं प्रमाणित केलं. आता तिचा नातू त्याच सायक्लॉप्सच्या खाऱ्या पाण्यातल्या भावकीला पैसे मोजून घरी आणतो आणि सकाळी उठल्यावर चहाच्या आधी त्यांच्या पाण्याचा रंग बघतो. मित्राने पहिल्यांदा बरणी बघितली तेव्हा विचारलं, "काय बे, उवा पाळलालास का?"

उवा नव्हेत, कोपेपॉड. हौशी मंडळी नुसतं 'पॉड' म्हणतात. कोळंबी, खेकडा, सुक्या मासळीतला जवळा ज्या कवचधारी कुळातले, त्याच कुळातले हे मिलिमीटरच्या आसपासचे जीव.

माझ्यावर ही वेळ आणली एका मँडरिन माशाने. तीन फुटी टाकी, साधारण १९० लिटर पाणी, वर्षभर मुरलेले दगड. दुकानदार म्हणाला, फ्रोजन, म्हणजे गोठवलेलं खाणं, खातो, काही चिंता नाही. मासा बोटाएवढा, अंगावर निळ्या-केशरी वेलबुट्टीचं काम, दगडावरून सरपटत दिवसभर टुकटुक टोचत राहायचा. दोन महिन्यांत त्याचं पोट खपाटीला गेलं आणि पाठीवर कड दिसायला लागली. फ्रोजन त्याने कधी तोंडात धरलंच नाही. दगडांवर मुळात असलेले पॉड त्याने संपवले होते आणि नवे निपजायला त्याने वावच ठेवला नव्हता. मँडरिनचं भागतं ते दिवसभर थोडं थोडं टोचून. दोन वेळच्या ताटावर तो जगत नाही. तेव्हा पहिला सल्ला हाच: ज्याला जिवंत खाणं लागतं तो मासा आणण्याच्या निदान तीन महिने आधी बरण्या लावा. आणि मँडरिन जमला म्हणून समुद्रघोड्याकडे वळू नका. आपल्या समुद्रातले समुद्रघोडे आणि प्रवाळ १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याखाली संरक्षित आहेत. कुणी हळूच "देतो" म्हणाला तरी हात लावायचा नाही.

कुठले पॉड आणायचे

बाजारात तीन नावं कानावर पडतील. टायग्रिओपस अंगाने मोठा, केशरी-लाल, पोहताना झटके देतो, त्यामुळे नुसत्या डोळ्यांनी दिसतो. मूळचा खडकांवरच्या डबक्यांतला. भरतीच्या शिंतोड्यांनी भरणारी आणि उन्हाने आटणारी ती डबकी, म्हणून खारटपणातले चढउतार तो पुष्कळ सोसतो. टिस्बी त्याहून लहान, पांढुरकी. काचेला आणि दगडाला चिकटून फिरते, फटीत शिरते. टाकीत कायमची वस्ती करायची असेल तर तिच्यासारखी दुसरी नाही. ॲपोसायक्लॉप्स पाण्यात मोकळा पोहतो आणि त्याच्या मादीला शेपटीच्या दोन्ही बाजूंना अंड्यांच्या दोन पिशव्या असतात.

पुस्तकी सल्ला टायग्रिओपसने सुरुवात करा असा असतो. मीही तेच म्हणेन, पण दिवाळीनंतर. थंडीत त्याची बरणी जमली की हात बसतो, कारण काय चाललंय ते दिसतं. चैत्र-वैशाखासाठी मात्र टिस्बी किंवा ॲपोसायक्लॉप्स हवेत. तिशीच्या आसपासचं पाणी त्यांना चालतं. टायग्रिओपस तेवढ्या उष्म्यात तग धरतो, पण पिलावळ मंदावते. एका बरणीत दोन जाती घालू नका. महिन्याभरात एकच उरते, आणि ती आपल्याला हवी असलेली नसते.

विरजण, म्हणजे सुरुवातीची बाटली, मुंबईहून मागवायची असेल तर नोव्हेंबर ते फेब्रुवारी हा काळ धरा. कुणी ओळखीचं येत असेल तर रात्रीची सिद्धेश्वर एक्स्प्रेस सगळ्यात बरी: रात्री मुंबईत बसवलेली बाटली सकाळी सोलापुरात, उन्हाचा संबंध नाही. कुरिअरने येणारी बाटली मे महिन्यात दुपारभर गोदामात पडून राहिली तर हाती येतो तो रस्सा. बाटली आली की झाकण उघडून वास घ्या. समुद्रासारखा वास ठीक. कुजक्या अंड्याचा वास आला तर तिथल्या तिथे फोटो काढा आणि पैसे परत मागा.

सामान

पाच-पाच लिटरच्या, रुंद तोंडाच्या दोन पारदर्शक बरण्या. लोणच्याची जुनी बरणी नको. तेलाचा अंश आणि मसाल्याचा वास प्लॅस्टिकमधून कधीच पूर्ण जात नाही. साबणाने धुवू नका. गरम पाणी आणि व्हिनेगर पुरे. एक छोटा एअर पंप, नळी, आणि नळीत चेक व्हॉल्व्ह. तो नसला तर वीज गेल्यावर पाणी नळीतून उलटं पंपात उतरतं. टोकाला एअर स्टोन लावायचा नाही. बारीक बुडबुड्यांच्या फेसात पिल्लं अडकून वर येतात आणि काचेवर वाळतात. नळीचं उघडं टोक तळाशी सोडायचं आणि सेकंदाला एक-दोन मोठे बुडबुडे येतील एवढीच हवा ठेवायची. पाणी हलतं राहिलं म्हणजे झालं, उकळल्यासारखं दिसायला नको.

खारटपणा मोजायला रिफ्रॅक्टोमीटर, पाण्यात विरघळलेले क्षार मोजायला टीडीएस मीटर. दोन्ही टाकीसाठी तुमच्याकडे आधीच असतील.

राहिली चाळणी. तयार चाळण्या महाग मिळतात आणि मागवाव्या लागतात, पण आपण कापडाच्या गावात राहतो. लग्नपत्रिका आणि पिशव्या छापणारे स्क्रीन प्रिंटिंगवाले फ्रेमवर जे कापड ताणतात, ते हेच. नवं, शाई न लागलेलं, पॉलिस्टरचं घ्या. एका सेंटिमीटरमध्ये १२० धागे असलेल्या कापडाची छिद्रं साधारण ५० मायक्रॉनची, म्हणजे पिल्लंसुद्धा वर राहतात. ४३ धाग्यांच्या कापडाची छिद्रं साधारण १५० मायक्रॉनची. त्यात मोठे पॉड अडकतात आणि पिल्लं खाली जातात. तीन इंची पीव्हीसी पाइपचा चार बोटं लांबीचा तुकडा कापायचा, एका तोंडावर कापड ताणून चिकटवायचं, की चाळणी झाली. दोन्ही मापांच्या दोन करून ठेवा.

वडील यंत्रमागाच्या कारखान्यात जॉबर होते. इंचभर कापडात धागे किती हे मोजायचं त्यांचं घडीचं पितळी भिंग, पिक ग्लास, माझ्याकडे आहे. सूक्ष्मदर्शकाची गरज मला आजवर पडली नाही. बरणीतलं थोडं पाणी पांढऱ्या बशीत घेऊन वरून पिक ग्लास धरला की दुनिया उघडते. पाण्याच्या थेंबासारखं अंग, पुढे एकच लाल डोळा, मागे दुभागलेली शेपटी. टायग्रिओपसचा नर कोवळ्या मादीला धरून जोडीने फिरतो, ती वयात येईपर्यंत सोडत नाही. पोटाखाली अंड्यांची पिशवी लटकलेली मादी दिसली की समजायचं, बरणी लागली. पेठेत हँडलूम-पॉवरलूमचं सामान मिळतं तिथे असं भिंग विचारून बघा. पितळी भिंग बरणीत मात्र बुडवू नका. कारण पुढे येतंच.

पाणी

सोलापुरात टाकी बुडते ती बहुतेक इथेच. उजनीचं पाणी नळाला रोज येत नाही, आलं की हौद भरायचा, त्यात क्लोरीन. बोअरचं पाणी इतकं जड की बादलीला पांढरा थर बसतो. दोन्ही थेट वापरायची नाहीत. आरओचं पाणी हवं आणि मीटरवर टीडीएस दहाच्या आत हवा.

घरातल्या पिण्याच्या आरओचं पाणी चालेल का, असं प्रत्येक नवखा विचारतो. बहुधा नाही. त्यात चवीसाठी थोडं कच्चं पाणी मिसळणारा स्क्रू असतो, शिवाय खनिजांची नळकांडी असते. आणि हल्ली ज्या मशीनवर मोठ्या कौतुकाने 'कॉपर' लिहिलेलं असतं, त्यात शेवटी तांब्याची नळकांडी असते. तांबं माणसाला किती मानवतं ते वैद्य जाणोत. कवचधारी जीवांना ते विष आहे, अगदी थेंबभरसुद्धा. म्हणून तांब्याचा हंडा, पितळी नळ, पितळी तोटीचा बॅरल, माशांच्या औषधातलं तांबं, यातलं काहीही बरणीच्या पाण्याच्या वाटेत यायला नको. आमच्या आईने एकदा मायेने माझं आरओचं पाणी घासून लखलखीत केलेल्या तांब्याच्या घागरीत भरून ठेवलं होतं. "शुद्ध राहील की रे." सगळं कुंडीत ओतलं.

आरओच्या पाण्यात समुद्री मीठ लिटरला साधारण ३५ ग्रॅम. मीठ पाण्यात घालायचं; मिठावर पाणी ओतलं तर कॅल्शियमचा पांढरा गाळ बसतो. हवा सोडून रात्रभर फिरवत ठेवायचं. घनता १.०२२ ते १.०२५ च्या दरम्यान असली की बास, टाकीएवढा काटेकोरपणा बरणीला लागत नाही. टाकीचं पाणी बदलताना निघालेलं जुनं पाणी बरणीला वापरलं तरी चालतं, फक्त ते १२० च्या कापडातून गाळून घ्या. नाहीतर त्याबरोबर नको ते पाहुणे येतात.

हिरवं पाणी

पॉड खातात सूक्ष्म शैवाल. नॅनोक्लोरॉप्सिस वाढवायला सगळ्यात सोपं आणि चिवट, दोन-तीन मायक्रॉनचं. आयसोक्रायसिस सोनेरी-तपकिरी, नाजूक, पण त्यात डीएचए हे ओमेगा-३ स्निग्धाम्ल भरपूर. टेट्रासेल्मिस आकाराने मोठं, टायग्रिओपसला फार आवडतं. जमलं तर दोन प्रकार मिसळून द्या. नॅनोक्लोरॉप्सिसमध्ये ईपीए हे दुसरं ओमेगा-३ चांगलं असतं, डीएचए जवळजवळ नसतं, आणि माशाच्या पिल्लांना दोन्ही लागतात. मोठ्या मँडरिनसाठी एवढा कीस काढायची गरज नाही.

घरी वाढवायचं तर दोन लिटरची स्वच्छ बाटली, उकळून गार केलेलं खारं पाणी, एफ-बाय-टू नावाचं शैवालाचं खत बाटलीवर दिलेल्या मापाने, तयार शैवालाचं विरजण, सोळा तास साधी पांढरी एलईडी ट्यूब आणि जोरात हवा. पॉडच्या बरणीत हवा मंद लागते, इथे जोरात, म्हणजे शैवाल तळाला बसत नाही. आठवड्याभरात पालकाच्या रसासारखा गडद रंग येतो. मग अर्धं काढायचं, तेवढंच खत घातलेलं खारं पाणी भरायचं. काढलेलं फ्रिजमध्ये दोन-तीन आठवडे टिकतं, रोज एकदा हलवायचं. बाटलीवर ठळक अक्षरात नाव लिहा. पालकाचा रस म्हणून आमच्याकडे एकदा ती पराठ्याच्या कणकेपर्यंत पोचली होती.

शैवालाची जागा आणि पॉडची जागा वेगळी ठेवा, शक्य तर खोलीच वेगळी. पॉडच्या बरणीतला चमचा शैवालात गेला की चार दिवसांत शैवाल फस्त. यीस्ट आणि स्पिरुलिनाची पूड यांवरही टायग्रिओपस जगतो, पण पूड जरा जास्त पडली की पाणी दुधाळ होतं आणि एका रात्रीत बरणी बसते. पहिल्याच महिन्यात मी पूड वापरून दोन बरण्या घालवल्या. तुम्ही ती पायरी गाळलीत तरी चालेल.

बरणी लावायची

बाटली आली की ती बरणीच्या पाण्यात अर्धा तास तरंगत ठेवा. मग हवेच्या बारीक नळीला सैलसर गाठ मारून बरणीतलं पाणी थेंब थेंब बाटलीत सोडा. तासाभरात दुप्पट झालं की सगळं १२० च्या चाळणीतून गाळून पॉड बरणीत. बाटलीतलं पाणी फेकून द्या. पहिले दोन आठवडे बरणी अर्धीच भरा. पाणी कमी असलं की नर-माद्यांची गाठ लवकर पडते आणि अन्नही हाताशी राहतं.

खाणं किती घालायचं हा खरा प्रश्न, आणि मापाच्या चमच्याने तो सुटत नाही, कारण प्रत्येकाचं शैवाल वेगळ्या दाटपणाचं असतं. मी बरणीमागे पेपर धरतो. मथळा वाचता यायला हवा, खालची बातमी वाचता यायला नको. तेवढा रंग आला की शैवाल घालणं थांबवायचं. मग वाट बघायची. दोन-तीन दिवसांत पाणी निवळतं आणि बातमीही वाचता येते. तेव्हा पुन्हा घालायचं. मथळाही दिसेनासा झाला असेल तर हात सैल पडला समजा आणि पुढचे चार-पाच दिवस काही घालू नका. पाणी आठवडाभर निवळलंच नाही तर खाणारं कुणी उरलं आहे का, ते बशी आणि भिंग घेऊन बघा.

पहिले दोन-तीन आठवडे काहीच घडत नाही असं वाटेल. घडत असतं. अंड्यातून निघालेलं पिल्लू आधी सहा अवस्थांतून जातं, त्यात ते पॉडसारखं दिसतही नाही, धुळीचा कण चालल्यासारखं दिसतं. त्यानंतर आणखी पाच वेळा कात टाकतं तेव्हा कुठे वयात येतं. पंचविशीच्या पाण्यात टायग्रिओपसला याला तीन आठवड्यांच्या आसपास लागतात, टिस्बीला त्याहून कमी. या काळात रोज बरणी हलवून बघणाऱ्यांची बरणी उशिरा लागते.

रात्री खोलीतला दिवा घालवून बरणीच्या एका कडेला मोबाइलचा टॉर्च धरा. पाच मिनिटांत तिथे गर्दी जमते. मोजायचं असेल तर नीट ढवळून सिरिंजने १० मिलिलिटर पाणी बशीत घ्या आणि मोठे पॉड मोजा. २० सापडले म्हणजे मिलिलिटरला दोन, पाच लिटरच्या बरणीत दहा हजार. हा आकडा मित्रांना सांगायला बरा असतो. व्यवहारात बरणीच्या काचेवर जिकडे बघाल तिकडे हालचाल दिसायला लागली की काढणी सुरू करायला हरकत नाही.

काढणी आणि वाढणी

आठवड्यातून एकदा, बरणीतलं पाव पाणी. त्याहून जास्त नको. नळीने काढून १५० मायक्रॉनच्या, म्हणजे ४३ धाग्यांच्या चाळणीतून गाळा. मोठे वर राहतील, खाली गेलेलं पाणी पिल्लांसकट दुसऱ्या बरणीला द्या. काढलं तेवढं ताजं खारं पाणी भरा. दोन आठवड्यांतून एकदा तळाचा गाळ नळीने ओढून घ्या. त्या गाळातही पॉड भरपूर असतात, म्हणून तोही १२० च्या कापडातून. दोन-तीन महिन्यांनी बरणी पूर्ण रिकामी करून नवी लावायची.

बरणीचं पाणी टाकीत ओतू नका. त्यात नायट्रेट आणि फॉस्फेट मुबलक असतं आणि पंधरा दिवसांनी दगडांवर केसाळ शेवाळ आलं की कारण सापडत नाही. चाळणीवरचे पॉड टाकीच्या पाण्यात धुवून घ्या. दिवे गेल्यावर अर्ध्या तासाने मुख्य पंप आणि स्किमर (फेसातून घाण काढणारं यंत्र) बंद करून पिचकारीने दगडाच्या पायथ्याशी, फटीत सोडा. दिवसा वरून ओतले तर रॅस आणि डॅमसेल मंडळी जेवणावळ उरकून घेतात आणि मँडरिन बघत बसतो. पंप वीस मिनिटांनी चालू करायला विसरू नका. मोबाइलवर गजर लावा, मी सांगतो.

जागा असेल तर टाकीखालच्या संपमध्ये, म्हणजे गाळणीच्या छोट्या टाकीत, एक कप्पा राखीव करून त्यात कीटोमॉर्फाचा, म्हणजे हिरव्या दोऱ्याच्या गुंत्यासारख्या शैवालाचा, गोळा आणि दोन-चार दगडाचे तुकडे ठेवा. टाकीचे दिवे गेले की तिथला दिवा लागेल असं टायमर लावा. तिथे मासा पोचत नाही, म्हणून पॉड निवांत वाढतात आणि प्रवाहाबरोबर थोडे थोडे वर येत राहतात. बरणीतून तिथेही महिन्याला एक वाढप द्या.

तोपर्यंत आर्टिमिया

बरण्या लागेपर्यंत माशाला काहीतरी हवं. आर्टिमिया म्हणजे खाऱ्या तळ्यांतली इवली कोळंबी. तिची अंडी डबाबंद मिळतात, बरीचशी अमेरिकेतल्या ग्रेट सॉल्ट लेकची, आणि कोरडी वर्षानुवर्षं झोपलेली राहतात. शीतपेयाची दोन लिटरची बाटली, तळ कापून उलटी टांगलेली. यासाठी महागडं समुद्री मीठ लागत नाही. लिटरला २५ ते ३० ग्रॅम खडामीठ आणि चिमूटभर खाण्याचा सोडा. लिटरला अर्धा छोटा चमचा अंडी, जोरात हवा, वर दिवा. २८ अंशाला चोवीस तासांत केशरी ढग दिसतो. हवा बंद करा, दहा मिनिटं थांबा, बुडापाशी टॉर्च लावा. टरफलं वर तरंगतात, न फुटलेली अंडी तळाला बसतात, मधला केशरी भाग नळीने काढा आणि धुवा. टरफलं टाकीत जाऊ देऊ नका, लहान माशांच्या आतड्यात अडकतात.

आणि लगेच खाऊ घाला. पहिल्या काही तासांत पिल्लाच्या पोटात बलकाची शिदोरी असते. कात टाकल्यावर तोंड उघडतं, शिदोरी संपते आणि उरतं ते नुसतं पाणीदार कवच. सकाळी काढलेली आर्टिमिया संध्याकाळी घालणं म्हणजे शिळ्या भाकरीच्या चुऱ्यावर पाहुणा काढणं. मँडरिनला याची गोडी लागलीच तर नशीब. माझ्याने आठवडाभर विचार केला आणि मग टोचायला सुरुवात केली.

उन्हाळा

मार्चच्या शेवटापासून इथे पारा चाळिशीला टेकतो आणि मे संपेपर्यंत हटत नाही. पण मुंबईकडच्या लोकांना जे जमत नाही ते आपल्याला जमतं, कारण आपला उन्हाळा कोरडा. माठ गार का राहतो, तेच गणित. परातीत चार बोटं पाणी, त्यात बरणी, बरणीभोवती आपल्या इथलाच टेरी टॉवेल गुंडाळायचा, त्याची कड परातीतल्या पाण्यात. वरून टेबल फॅन. टॉवेल पाणी ओढत राहतो, वाळत राहतो, बरणी निवत राहते. माझ्याकडे खोलीत ३६ असताना बरणीत ३० ते ३१ राहतं. परातीत साधं पाणी घाला, बोअरचं चालेल. टॉवेल नवा असेल तर आधी दोन-तीनदा नुसत्या पाण्यात खळबळून काढा, म्हणजे खळ आणि रंग बरणीत झिरपायला नको. पावसाळ्यात ही युक्ती चालत नाही, पण तेव्हा तिची गरजही पडत नाही.

बरणीतलं पाणी आटतं तसं खारं होतं. पहिल्या दिवशीच्या पातळीला बाहेरून मार्करने रेघ मारून ठेवा आणि रोज सकाळी तिथपर्यंत आरओचं पाणी भरा. खारं पाणी भरू नका, आटतं ते फक्त पाणी, मीठ आतच राहतं. उन्हाळ्यात खाणं निम्म्यावर आणा. गरम पाण्यात प्राणवायू कमी विरघळतो आणि जिवाणू दुप्पट वेगाने माजतात, न खाल्लेलं शैवाल चोवीस तासांत कुजतं. शैवालाची बाटलीही तिशीच्या वर पिवळी पडून तळाला बसते. एप्रिल लागण्याआधी दोन बाटल्या फ्रिजमध्ये भरून ठेवलेल्या बऱ्या.

वीज दोन-तीन तास गेली तर विरळ बरणीला काही होत नाही. दाट बरणीला होतं. बॅटरीवरचा छोटा पंप ठेवा, नाहीतर तासातासाने मगाने पाणी वर-खाली करा.

बिघाड

दुधाळ पाणी म्हणजे जिवाणूंचा माज. अर्धं पाणी बदला, खाणं बंद. कुजका वास म्हणजे तळाचा गाळ. जे जिवंत आहे ते चाळणीत धरा आणि स्वच्छ बरणीत हलवा, जुन्या बरणीचा मोह सोडा. पाण्यात बारीक पांढरे ठिपके झटके न देता एकसारखे गोल गोल तरंगत असतील तर ते रोटिफर नावाचे दुसरेच सूक्ष्म जीव. ते पॉडच्या तोंडचा घास पळवतात आणि त्यांच्याहून वेगाने वाढतात. ४३ धाग्यांच्या चाळणीवर मोठे पॉड धरायचे, भरपूर ताज्या खाऱ्या पाण्याने धुवायचे, बरेचसे रोटिफर खाली जातात. नव्या बरणीत पुन्हा सुरुवात. पंधरा दिवसांनी हेच एकदा आणखी करावं लागतं.

माझा सगळ्यात मोठा घात मात्र यातल्या कशानेच झाला नाही. गेल्या सप्टेंबरमध्ये डास फार झाले होते. रात्री मी खोलीचं दार लावून डासांचा स्प्रे मारला आणि बाहेर हॉलमध्ये झोपलो. टाकीवर काच होती. एअर पंप खोलीची हवा ओढून रात्रभर बरण्यांत सोडत होता. सकाळी चारही बरण्यांचं पाणी नितळ, आणि तळाला केशरी पिठी बसलेली. बशीत घेऊन पिक ग्लास धरला. एकही शेपटी हलत नव्हती. डास मारणारी औषधं कवचधारी जीवांना डासांइतकीच लागतात, कॉइल आणि प्लगमधलं लिक्विडसुद्धा. तेव्हापासून पॉडच्या खोलीत यातलं काहीही नाही, मच्छरदाणी. गल्लीत धुराची गाडी आली की खिडकी लावायची, पंप तासभर बंद, बरण्यांवर झाकण.

त्यानंतर पुन्हा विरजण मिळालं ते होटगी रोडच्या त्याच मित्राकडून, ज्याने उवा म्हटलं होतं. वर्षभरापूर्वी त्याच्या मुलीला शाळेत दाखवायला म्हणून एक बाटली दिली होती. त्याने ती स्वयंपाकघराच्या खिडकीत ठेवलेली, हवा नाही, पंप नाही, आठवड्याला मी पाठवत होतो ते चार चमचे हिरवं पाणी. बशीत ओतून बघितलं तर अंड्यांच्या पिशव्यांसकट जिवंत. त्याने अर्धी मला दिली, अर्धी ठेवून घेतली आणि म्हणाला, "पोरगी देणार नाही सगळं. नावं ठेवलीय तिनं."